एक्सेलमधल्या एक्सएलएल आणि डीएलएल फाइली : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे पान विंडोजवरच्या एक्सेलबद्दल आहे. मॅक आणि लिबरऑफिस यांचा विषय शेवटाकडे थोडक्यात येतो. कोड लिहिणाऱ्यांइतकंच ते, 'ही फाइल टाक, मग फॉर्म्युला चालेल' एवढंच सांगून ज्यांच्या हाती एखादी फाइल दिली जाते, त्यांच्यासाठीही आहे.

एक्सएलएल म्हणजे नक्की काय? डीएलएलपेक्षा ती वेगळी असते का?

आतून ती डीएलएलच असते, एक्स्टेन्शन तेवढं वेगळं. डीएलएल म्हणजे मशीनला थेट कळणाऱ्या कोडची फाइल. डबल क्लिक करून ती चालत नाही; दुसरा एखादा प्रोग्रॅम तिला मेमरीत घेतो आणि तिच्यातली फंक्शन्स वापरतो. एक्सएलएलमध्ये एक्सेलच्या ओळखीची, ठरलेल्या नावांची काही फंक्शन्स असतात. त्यातलं 'एक्सएलऑटोओपन' तर असावंच लागतं. अ‍ॅड-इन, म्हणजे एक्सेलला बाहेरून जोडलेली पुरवणी, सुरू करताना एक्सेल ते चालवतं आणि त्यातून एक्सएलएल आपली नोंद करते : माझ्याकडे अमुक नावाचं फंक्शन आहे, त्याला इतकी आर्ग्युमेंट्स (कंसात द्यायच्या किमती) लागतात, त्यातली ही संख्या आणि हा मजकूर. एकदा नोंद झाली की ते फंक्शन सेलमध्ये 'सम' किंवा 'व्हीलुकअप'सारखंच टाइप करता येतं.

ही पद्धत व्हीबीएच्या, म्हणजे एक्सेलमधले मॅक्रो ज्या भाषेत लिहितात तिच्याही आधीची. व्हीबीए १९९३ मध्ये एक्सेल ५ बरोबर आलं. एक्सएलएल त्याआधी, एक्सेल ४ पासून आहे. इतक्या जुन्या दाराने आजही माणसं ये-जा करतात, यातच काय ते आलं.

साधी डीएलएल एक्सेलला अशी आपणहून कळत नाही. तिच्यातलं फंक्शन वापरायचं तर व्हीबीएत 'डिक्लेअर' अशी ओळ लिहून फाइलचं आणि फंक्शनचं नाव सांगावं लागतं.

मी असलं काही कधी वापरलेलं नाही. मला याच्याशी काय देणंघेणं?

एसआयपीचा परतावा 'एक्सआयआरआर'ने काढला असेल, तर या घराण्याशी तुमचा संबंध येऊन गेला आहे. एक्सेल २००३ पर्यंत हे फंक्शन एक्सेलच्या पोटात नव्हतंच. ते, 'ईडेट', 'नेटवर्कडेज' आणि त्यांचे बरेच भाऊबंद 'अ‍ॅनालिसिस टूलपॅक' नावाच्या अ‍ॅड-इनमध्ये होते आणि त्यामागची फाइल होती 'अ‍ॅनालिस३२.एक्सएलएल'. टूलपॅकवर टिक केलेली नसली की सेलमध्ये '#नेम?' झळकायचं. एकाच्या मशीनवर बरोबर दिसणारी शीट दुसऱ्याकडे अशी बोंबलायची आणि दोघंही फॉर्म्युल्यात चूक शोधत बसायचे. २००७ मध्ये ही फंक्शन्स एक्सेलने आत घेतली. फाइल मात्र गेली नाही. डेटा टॅबवरचं 'डेटा अ‍ॅनालिसिस', म्हणजे रिग्रेशन, हिस्टोग्राम वगैरे, आजही तिच्याच जोरावर चालतं.

दिलेल्या अटींत सगळ्यात चांगलं उत्तर शोधणाऱ्या सॉल्व्हरचंही तेच. तो फ्रंटलाइन सिस्टिम्स या कंपनीने बनवलेला. आपल्याला डायलॉग दिसतो, पण खरी आकडेमोड 'सॉल्व्हर३२.डीएलएल' करते. ऑफिसच्या फोल्डरमधलं 'लायब्ररी' हे फोल्डर उघडून पाहा, मंडळी तिथेच बसलेली सापडतील.

व्हीबीएमध्ये सगळं होतं की. मग हा खटाटोप कशाला?

पहिलं कारण वेग. व्हीबीए एका वेळी एकाच धाग्यावर (थ्रेडवर) चालतं, म्हणजे एका वेळी एकच काम करतं. एक्सेल २००७ पासून रीकॅल्क्युलेशन प्रोसेसरच्या अनेक कोअरवर वाटलं जातं, पण व्हीबीएत लिहिलेली फंक्शन्स त्या वाटणीत धरली जात नाहीत. एक्सएलएलमधलं फंक्शन धरलं जातं, फक्त नोंदीच्या वेळी डॉलरचं चिन्ह देऊन 'एकाच वेळी अनेकांनी हाक मारली तरी मी गोंधळणार नाही' अशी ग्वाही द्यावी लागते. ग्वाही खोटी दिली तर एक्सेल ती तपासत नाही; चुकीचे आकडे येतात, आणि तेही कधी येतात, कधी येत नाहीत. शोधायला याहून अवघड दोष मला तरी माहीत नाही.

दुसरं कारण मला जास्त पटतं : जगात आधीच लिहिलेला, वर्षानुवर्षं तावून सुलाखून निघालेला सी, सी++ आणि फोरट्रानमधला कोड. पाणी, वाफ, रेफ्रिजरंट यांचे गुणधर्म देणारी 'कूलप्रॉप' ही खुली लायब्ररी घ्या. तिची डीएलएल जोडली की इंजिनिअरला दाब आणि तापमान सेलमध्ये टाकून एन्थाल्पी मिळते, स्टीम टेबल उघडायला नको. बँकिंगमधलं 'क्वांटलिब' असंच 'क्वांटलिबएक्सएल'मधून एक्सेलमध्ये येतं. हे सगळं व्हीबीएत पुन्हा लिहिणं हा शुद्ध वेडेपणा ठरेल.

तिसरं कारण कोणी मोठ्याने सांगत नाही : कोड लपवणं. व्हीबीएचा पासवर्ड मोडायला फारसे कष्ट पडत नाहीत, म्हणून विकाऊ अ‍ॅड-इन बनवणारे डीएलएलचा आसरा घेतात.

पण शीट हळू चालते म्हणून डीएलएल शोधत असाल तर आधी शीट तपासा. हजारो ओळींत 'इनडायरेक्ट' आणि 'ऑफसेट' पेरलेले असतील तर ते प्रत्येक बदलाला पुन्हा चालतात. त्यावर कुठलीही डीएलएल उतारा नाही.

रक्कम अक्षरी लिहिणारं फंक्शन हवं आहे. त्यासाठी डीएलएल घ्यावी का?

नको. हा प्रश्न इतक्या वेळा येतो की त्याला वेगळं पान द्यायला हवं.

एक्सेलमध्ये 'बाटटेक्स्ट' नावाचं फंक्शन खरोखर आहे. ते रक्कम अक्षरांत लिहितं, पण थाई भाषेत आणि बाट या चलनात. रुपयासाठी तसं काही नाही. मायक्रोसॉफ्टने 'स्पेलनंबर' म्हणून व्हीबीएचा कोड दिला आहे; तो डॉलर-सेंट आणि मिलियनमध्ये बोलतो. तोच उचलून लाख-कोटींत बसवलेल्या असंख्य आवृत्त्या आपल्याकडच्या ऑफिसांत फिरतात. काही बऱ्या आहेत, काहींत शून्य पैशांना किंवा एक कोटीच्या पुढे गंमत होते. वापरण्याआधी १,००,००,००० आणि १०,०१,००१ हे आकडे टाकून पाहा.

मराठीत अक्षरी हवी असेल तर शंभरापर्यंतच्या शब्दांना इंग्रजीसारखी जोडाजोड चालत नाही. एकोणसाठ, त्रेसष्ट, एक्क्याऐंशी हे सगळे आपापल्या जागी लिहूनच ठेवावे लागतात. म्हणजे कोड सोपा, यादी लांब. एका लपवलेल्या शीटवर ९९ शब्दांची यादी आणि तिच्यातून शब्द उचलणारं 'इंडेक्स', एवढ्यात काम होतं. मायक्रोसॉफ्ट ३६५ किंवा एक्सेल २०२४ असेल तर 'लॅम्डा' वापरून त्याला नाव देता येतं, मॅक्रोसुद्धा लागत नाही. फाइल साधी एक्सएलएसएक्स राहते आणि समोरच्याच्या मशीनवर इशारे येत नाहीत. इतक्या कामासाठी अनोळखी डीएलएल घरात घेणं मला पटत नाही.

नवीन लॅपटॉप आला आणि जुनं अ‍ॅड-इन चालेना. असं का?

बहुधा ३२ आणि ६४ बिटचं भांडण. एका चालू प्रोग्रॅममध्ये दोन्ही प्रकारचा कोड एकत्र नांदू शकत नाही. एक्सेल ६४-बिट असेल तर त्यात येणारी प्रत्येक डीएलएल ६४-बिटच लागते, आणि उलटही तसंच. इथे विंडोज किती बिटचं आहे याने काही ठरत नाही, ऑफिस किती बिटचं आहे हे पाहायचं. ६४-बिट विंडोजवर ३२-बिट ऑफिस सुखाने चालतं आणि तसं ते वर्षानुवर्षं चाललं. फाइल, मग अकाउंट, मग 'अबाउट एक्सेल' असं गेलात की पहिल्याच ओळीत बिट लिहिलेले दिसतात.

६४-बिट ऑफिस पहिल्यांदा २०१० च्या आवृत्तीत आलं, पण मायक्रोसॉफ्ट स्वतःच तेव्हा ३२-बिट घ्यायला सांगत असे. २०१९ च्या आसपास हे उलटलं आणि काही न निवडता ऑफिस टाकलं तर ६४-बिट येऊ लागलं. त्यामुळे जुनं मशीन बदलेपर्यंत कोणाला काही कळत नाही, आणि बदललं की दहा वर्षं निमूट चाललेलं अ‍ॅड-इन अचानक मान टाकतं.

चुकीच्या बिटची एक्सएलएल उघडली की येणारा संदेश दिशाभूल करतो. 'फाइलचा प्रकार आणि एक्स्टेन्शन जुळत नाहीत, फाइल खराब किंवा धोकादायक असू शकते' असं एक्सेल म्हणतं. तरीही 'हो' म्हटलं तर शीटमध्ये अगम्य अक्षरांचा कचरा ओतलेला दिसतो. फाइल खराब नसते. एक्सेलला ती एक्सएलएल म्हणून लोड करता आली नाही, म्हणून त्याने ती मजकूर समजून वाचली, इतकंच. फाइल पुन्हा डाउनलोड करत बसू नका.

यावर उपाय मोजके. बनवणाऱ्याकडून ६४-बिट आवृत्ती मागा. सोर्स कोड हाताशी असेल तर पुन्हा कंपाइल करून, म्हणजे त्याची नव्याने डीएलएल बनवून घ्या. बनवणारा गायब असेल आणि त्या अ‍ॅड-इनवाचून अडत असेल तर ६४-बिट ऑफिस काढून ३२-बिट टाका. मोठ्या शीट्सना मेमरी कमी मिळेल, पण काम चालू राहील. फाइलचं नाव बदलणं किंवा ती दुसऱ्या फोल्डरमध्ये ठेवणं याने काही होत नाही.

जाता जाता एक खोडकर तपशील : ६४-बिट विंडोजमध्ये 'सिस्टिम३२' या फोल्डरात ६४-बिट डीएलएल असतात आणि 'सिसवॉव६४' या फोल्डरात ३२-बिट. नावं उलटी वाटतात, पण आहे ते असंच. जुने प्रोग्रॅम 'सिस्टिम३२' हे नाव कोडात लिहून बसले होते, म्हणून ते बदलता आलं नाही.

व्हीबीएतल्या 'डिक्लेअर'च्या ओळी लाल झाल्या आहेत. मध्ये 'पीटीआरसेफ' घातलं की झालं ना?

लाल रंग जातो, धोका जात नाही. 'पीटीआरसेफ' हा शब्द काहीही दुरुस्त करत नाही; 'मी ही ओळ ६४-बिटसाठी तपासली आहे' अशी ती तुमची सही असते. तपासायचं ते असं : जिथे पॉइंटर (मेमरीतला पत्ता) किंवा विंडोचं हँडल (तिचा ओळख क्रमांक) येतं तिथे 'लाँग'ऐवजी 'लाँगपीटीआर' हवं. 'लाँग' ६४-बिटमध्येही ३२ बिटांचाच राहतो, त्यामुळे पत्त्याचा वरचा अर्धा भाग कापला जातो. कधी नशिबाने चालतं, कधी एक्सेल एकही संदेश न देता नाहीसं होतं.

मात्र सगळेच 'लाँग' आंधळेपणाने 'लाँगपीटीआर' करू नका. सीमधला साधा 'इंट' दोन्हीकडे ३२ बिटांचाच असतो आणि त्याला व्हीबीएतला 'लाँग' हाच जोडीदार. व्हीबीएतला 'इंटिजर' फक्त १६ बिटांचा आहे. नाव सारखं पाहून फसणारे पुष्कळ.

फाइल समोर दिसते आहे, तरी 'फाइल सापडली नाही' अशी एरर ५३ का येते?

कारण हरवलेली फाइल बहुधा ती नसतेच. तुमची डीएलएल दुसऱ्या एखाद्या डीएलएलवर अवलंबून असते आणि ती दुसरी मशीनवर नसते. विंडोज नाव मात्र पहिलीचंच सांगतं.

सगळ्यात जास्त वेळा नसते ती 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल'. व्हिज्युअल सी++मध्ये बनवलेल्या बहुतेक गोष्टींना ती लागते. ती मायक्रोसॉफ्टच्या 'व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल' या मोफत पॅकेजमध्ये येते. ऑफिसच्या बिटप्रमाणे एक्स८६ (३२-बिट) किंवा एक्स६४ (६४-बिट) निवडा, आणि दोन्ही टाकले तरी बिघडत नाही. फक्त ती एकटी डीएलएल 'फुकट डीएलएल डाउनलोड' छापाच्या साइटवरून उतरवू नका. तिथली फाइल कोणी ठेवली, कधी ठेवली, तिच्यात आणखी काय घातलं आहे, याचा पत्ता नसतो.

नेमकी कोण हरवली आहे हे पाहायला 'डिपेन्डन्सीज' नावाचं मोफत साधन आहे, जुन्या 'डिपेन्डन्सी वॉकर'चा वारस. त्यानेही उलगडा झाला नाही तर मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स संचातलं 'प्रोसेस मॉनिटर' लावा : एक्सेलने कोणत्या फोल्डरमध्ये काय शोधलं आणि कुठे त्याला 'नेम नॉट फाउंड' मिळालं, ते ओळीने दिसतं.

एरर ४५३ आली तर फाइल मिळाली आहे, फंक्शनचं नाव जुळत नाही. सी++ कंपाइलर नावांना शेपट्या लावतो. ३२-बिटमध्ये साध्या नावाआधी अंडरस्कोर आणि शेवटी अ‍ॅट चिन्हासह आकडा चिकटतो. लिहिणाऱ्याने 'डेफ' फाइल (बाहेर दिसायच्या नावांची यादी) देऊन बाहेरचं नाव साधं ठेवलं पाहिजे. ते न केलेलं असेल तर 'डिक्लेअर'च्या ओळीतल्या 'अलायस'मध्ये खरं नाव लिहा. एरर ४९ ही हाक मारण्याच्या रीतीबद्दलची आहे आणि ती ३२-बिटमधली तक्रार. ६४-बिट एक्सेलमध्ये ती रीत एकच असल्याने हा प्रश्नच मिटतो.

'रेगएसव्हीआर३२' चालवू का?

बहुतेक वेळा नाही. ती आज्ञा फक्त कॉम प्रकारच्या, म्हणजे विंडोजच्या रजिस्ट्रीत आपली नोंद करणाऱ्या डीएलएलसाठी आहे. एक्सएलएल किंवा साध्या डीएलएलवर चालवली तर 'मॉड्यूल लोड झालं, पण डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही' असं उत्तर येतं. त्या संदेशात एक चांगली बातमी दडलेली असते : फाइल लोड झाली, म्हणजे ती ज्यांच्यावर अवलंबून आहे त्या फाइली जागेवर आहेत. एक्सएलएल घालायची जागा वेगळी : फाइल, ऑप्शन्स, अ‍ॅड-इन्स, खाली 'एक्सेल अ‍ॅड-इन्स' निवडून 'गो', मग 'ब्राउझ'.

मराठी मजकूर डीएलएलला पाठवला की प्रश्नचिन्हं का परत येतात?

हा खास आपल्या वाट्याचा त्रास. इंग्रजीत काम करणाऱ्याला हा दोष आयुष्यात दिसत नाही, त्यामुळे बहुतेक ट्युटोरियलमध्ये त्याचा उल्लेखही नसतो.

व्हीबीए मजकूर युनिकोडमध्ये ठेवतं. पण 'डिक्लेअर'मध्ये आर्ग्युमेंट 'स्ट्रिंग' लिहिलं की पाठवताना ते मजकुराचं विंडोजच्या जुन्या कोडपेजमध्ये, म्हणजे एका बाइटला एक अक्षर या हिशोबात, रूपांतर करतं. देवनागरीसाठी विंडोजने असं कोडपेज कधी बनवलंच नाही. हिंदी, मराठी पहिल्यापासून युनिकोडमध्येच आल्या. मग 'पुणे' यातल्या प्रत्येक चिन्हाला जागा मिळत नाही आणि प्रत्येकाचं प्रश्नचिन्ह होतं. डीएलएल बिचारी निर्दोष असते. तिच्या हाती पडेपर्यंत मजकूर मेलेला असतो.

उतारा असा : आर्ग्युमेंट 'स्ट्रिंग' न लिहिता 'बायव्हॅल लाँगपीटीआर' लिहायचं, आणि मजकुराऐवजी 'स्ट्रपीटीआर' या फंक्शनने त्याचा पत्ता पाठवायचा. विंडोजची स्वतःची फंक्शन्स वापरताना शेवटी 'ए' असलेलं नव्हे तर 'डब्ल्यू' असलेलं घ्यायचं, उदाहरणार्थ 'मेसेजबॉक्सडब्ल्यू'. व्हीबीएचा एडिटरही देवनागरी नीट दाखवत नाही, म्हणून कोडात मराठी शब्द थेट लिहिण्याऐवजी ते सेलमध्ये ठेवून तिथून वाचा.

एक्सएलएलमध्येही जुन्या-नव्याचा हाच भेद आहे. एक्सेल २००७ च्या आधी मजकुराची देवाणघेवाण बाइटमध्ये आणि २५५ पर्यंतच व्हायची. २००७ मध्ये 'एक्सएलओपर१२' ही नवी रचना आली. तिच्यात युनिकोड आहे आणि मर्यादा ३२,७६७ अक्षरांची. जुन्या रचनेवर लिहिलेली एक्सएलएल आजही चालते, पण तिला देवनागरी कळणार नाही. कंपाइल करणाऱ्याला सांगा, नवी रचना वापर.

यात एक उपरोध आहे. श्रीलिपीसारख्या जुन्या, युनिकोडपूर्व फॉन्टांत टाइप केलेला मजकूर या प्रवासात सहसा शाबूत राहतो, कारण संगणकाच्या लेखी ती रोमन अक्षरंच असतात. म्हणून काही ऑफिसं 'जुन्या फॉन्टमध्ये चालतं, युनिकोडमध्ये बिघडतं' म्हणत जुन्या फॉन्टला धरून बसतात. दोष युनिकोडचा नाही, मधल्या दाराचा आहे.

मेलवर आलेली एक्सएलएल उघडणं सुरक्षित आहे का?

नाही. आणि इथे मऊ शब्द वापरायचं कारण दिसत नाही.

एक्सएलएल एक्सेलच्या प्रोसेसमध्येच राहते. मध्ये भिंत नाही. तुमच्या लॉगिनला जे करता येतं ते सगळं तिला करता येतं : फाइली वाचणं, पुसणं, इंटरनेटवर पाठवणं. घरच्या किल्ल्यांचा जुडगाच दिला म्हणायचा. मॅक्रो निदान उघडून वाचता येतो, एक्सएलएल तशी वाचता येत नाही.

मायक्रोसॉफ्टने २०२२ मध्ये इंटरनेटवरून आलेल्या फाइलींतले मॅक्रो आपोआप अडवायला सुरुवात केली. तेव्हापासून फसवणाऱ्यांचा एक्सएलएलकडे ओढा वाढला. 'इन्व्हॉइस' नावाची एक्सएलएल मेलला जोडायची, आयकॉन एक्सेलसारखाच असतो, माणूस डबल क्लिक करतो. २०२३ मध्ये इंटरनेटवरून आलेल्या एक्सएलएलही ३६५मध्ये अडवायला सुरुवात झाली.

ही अडवणूक फाइलला चिकटलेल्या एका अदृश्य खुणेवर चालते. ती खूण एनटीएफएस (विंडोजची फाइली ठेवण्याची नेहमीची पद्धत) डिस्कवरच टिकते. फाइल एफएटी३२ या जुन्या पद्धतीच्या पेन ड्राइव्हवरून फिरून आली की खूण गळून पडते आणि एक्सेल तिला घरचीच समजतं. सहकाऱ्याने पेन ड्राइव्हवर दिलेली फाइल काही कुरकुर न करता उघडली, याचा अर्थ ती निर्धोक आहे असा नाही.

खात्रीच्या ठिकाणाहून आलेली असेल तर फाइलवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, खाली 'अनब्लॉक'. त्याआधी तिथेच 'डिजिटल सिग्नेचर्स' हा टॅब आहे का आणि सही कोणाची आहे ते पाहा. 'अनब्लॉक करा, अँटिव्हायरस बंद करा' असं ज्या सूचनापत्रात लिहिलेलं असेल, ते दुसऱ्या वाक्यापाशी मिटून ठेवा.

एक्सेल उघडता उघडता बंद पडतं. दोषी अ‍ॅड-इन कसं ओळखायचं?

कंट्रोल दाबून धरून एक्सेल सुरू करा. सेफ मोडचं विचारेल, हो म्हणा. तिथे नीट चाललं तर संशय अ‍ॅड-इनवर. मग विंडोजचं 'इव्हेंट व्ह्यूअर' उघडा, 'अ‍ॅप्लिकेशन'मधली एक्सेलची एरर शोधा आणि 'फॉल्टिंग मॉड्यूल नेम' वाचा. तिथे तुमच्या डीएलएलचं नाव असेल तर काम झालं. 'एनटीडीएलएल.डीएलएल' असेल तर मात्र विंडोजला दोष देऊ नका. मेमरी बिघडवून गेलेला कोणी दुसराच असू शकतो. तेव्हा अ‍ॅड-इन एकेक करून काढणं हाच मार्ग. ऑप्शन्समध्ये 'डिसेबल्ड आयटम्स'ही पाहा. एकदा कोसळवलेलं अ‍ॅड-इन एक्सेल कधी कधी परस्पर तिथे टाकून देतं आणि मग 'टिक आहे तरी चालत नाही' असा घोळ होतो.

मॅक, ब्राउझरमधलं एक्सेल, लिबरऑफिस?

मॅकच्या एक्सेलमध्ये एक्सएलएल नाही. ब्राउझरमध्ये कोणतीच नेटिव्ह फाइल चालत नाही, तिथे जावास्क्रिप्टची अ‍ॅड-इन्स. लिबरऑफिस कॅल्कमध्ये मात्र एक जुनं, रंजक दार आहे : विंडोजवर डीएलएल, लिनक्सवर एसओ फाइल, तिला 'गेटफंक्शनकाउंट' विचारायचं की तुझ्याकडे किती फंक्शन्स, मग 'गेटफंक्शनडेटा'ने प्रत्येकाची माहिती घ्यायची. हे दार जुन्या अ‍ॅड-इन्ससाठी उघडं ठेवलेलं आहे. नवं लिहायचं तर युनो या पद्धतीने लिहा, असं त्यांचीच मदतपानं सांगतात.

मला स्वतः लिहायची आहे. सुरुवात कुठून करू?

सी# येत असेल तर एक्सेल-डीएनएपासून. ते मोफत आहे, खुलं आहे आणि तुमच्या साध्या पद्धतींची एक्सएलएल करून देतं, ३२ आणि ६४ दोन्हींसाठी. पायथॉन येत असेल तर 'पायएक्सएलएल' किंवा 'एक्सएलविंग्ज' पाहा. पहिलं विकाऊ आहे. सी++ आणि मायक्रोसॉफ्टचा एक्सेल एसडीके हा मार्ग वेगाची खरी गरज असेल तेव्हाच. तिथे मेमरी कोणी दिली आणि कोणी परत घ्यायची याचा हिशोब तुम्हालाच ठेवावा लागतो. तुम्ही परत केलेला मजकूर एक्सेलने वाचून झाल्यावर 'एक्सएलऑटोफ्री१२'मध्ये सोडवला नाही, तर दिवसभर उघडी राहिलेली शीट संध्याकाळपर्यंत मशीन गिळते.

वाटताना दोन्ही बिटच्या फाइली वेगळ्या नावांनी द्या. नेटवर्कवरच्या सामाईक फोल्डरातून चालवायची असेल तर लक्षात ठेवा : कोणाचंही एक्सेल उघडं असताना ती फाइल बदलता येत नाही, कारण लोड झालेली डीएलएल विंडोज धरून ठेवतं. नवी आवृत्ती टाकायची तर नव्या नावाने टाका, किंवा सगळे घरी गेल्यावर.